ना दावं, ना वेसण

शब्दकोडी सोडवणाऱ्यांना 'मिथुन' हा शब्द चांगलाच सरावाचा. 'तिसरी रास', 'जोडपं', 'डिस्को डान्सरचा नायक', कुठलंही सूत्र आलं तरी तीन चौकोन भरायला वेळ लागत नाही. पण उद्या कोडं रचणाऱ्यानं त्याच चौकोनांना 'नागालँडचा राज्यप्राणी' असं सूत्र दिलं, तर आपल्यातले बरेचजण उभे शब्द सुटायची वाट बघत बसतील. उत्तर तेच आहे.

अरुणाचल प्रदेश, नागालँड, मणिपूर आणि मिझोराम या डोंगराळ मुलखात मिथुन म्हणजे गाईगुरांच्या कुळातलं एक धिप्पाड जनावर. अरुणाचलचाही राज्यप्राणी तोच. त्या राज्याच्या बोधचिन्हावर त्याचं मस्तक आहे, नागालँडच्या बोधचिन्हावर तो अख्खा उभा आहे. तिकडे लग्नाची बोलणी असोत, जमिनीचा तंटा असो की पंचांनी ठोठावलेला दंड, मिथुनाशिवाय गोष्ट पुढे सरकत नसे. अनेक ठिकाणी आजही सरकत नाही. आणि तरीही हे जनावर गोठ्यात दिसत नाही. त्याचं दूध सहसा काढत नाहीत, त्याला नांगराला जुंपत नाहीत, पाठीवर ओझं लादत नाहीत. वर्षातले बहुतेक दिवस ते रानात स्वतःच्या मर्जीनं चरत असतं. पशुविज्ञानाची पुस्तकं त्याला 'अर्धपाळीव' म्हणतात. म्हणजे नेमकं किती पाळीव? आणि ज्याला कुणी बांधलेलंच नाही, ते अमक्याच्या मालकीचं आहे हे ठरतं कसं?

जोडी, रास आणि एक ग्रीक पाहुणा

आधी ओळखीचे अर्थ उरकून घेऊ. संस्कृतात मिथुन म्हणजे नर-मादीची किंवा स्त्री-पुरुषाची जोडी. रामायणाच्या आरंभी व्याधाच्या बाणाला बळी पडणारा क्रौंच हा अशाच एका मिथुनातला. कार्ल्याच्या चैत्यगृहाच्या दर्शनी भिंतीवर दगडात कोरलेली जी भरदार अंगाची जोडपी आहेत, त्यांना कलेचे अभ्यासक मिथुनशिल्पं म्हणतात. 'मैथुन' हा शब्दही याच घरातला.

राशीची गोष्ट जरा गमतीची आहे. बारा राशींची कल्पना ग्रीकांकडून आपल्याकडे आली तेव्हा तिसऱ्या राशीत दोन जुळे भाऊ होते. भारतात येता येता त्यांचे स्त्री-पुरुष झाले. सहाव्या शतकातल्या वराहमिहिरानं 'बृहज्जातका'त या राशीचं वर्णन करताना जोडप्याच्या हाती गदा आणि वीणा दिली आहे. त्याच ग्रंथात त्यानं राशींची ग्रीक वळणाची नावंही नोंदवली आहेत: मेषाला क्रिय, वृषभाला तावुरि आणि मिथुनाला जितुम. हा जितुम म्हणजे जुळ्यांसाठीचा ग्रीक शब्द 'दिदुमोई', भारतीय जिभेवर घोटून घोटून झालेला. पुढे जितुम विस्मरणात गेला आणि मिथुन राहिला. जूनच्या मध्याला सूर्य या राशीत येतो. ओडिशात तेव्हा रज नावाचा सण असतो आणि केरळात मिथुनम् नावाचा महिना लागतो.

या साऱ्या अर्थांत 'दोन' हा आकडा आहे. डोंगरातल्या मिथुनाच्या नावात तो नाही. या जनावराला असमिया भाषेत मेथोन म्हणतात. ब्रिटिश अधिकाऱ्यांनी आपल्या कागदपत्रांत ते कधी मिथन, कधी मिथुन असं उतरवलं आणि सरकारदरबारी शेवटी मिथुन हेच रूढ झालं. म्हणजे हे सपाटीवरच्या लोकांनी दिलेलं नाव. ज्यांची ही जनावरं आहेत, ते आपापल्या घरी त्यांना वेगळ्याच नावांनी ओळखतात. आदी लोकांत तो एसो, गालो लोकांत होबो, आपातानींमध्ये सुबु, मिझोंमध्ये सिआल. बांगलादेशातल्या चितगावच्या डोंगरांत त्याला गयाल म्हणतात. म्यानमारच्या चिन टेकड्यांतही तो आहे आणि चीनच्या युनान प्रांतात दुलोंग नदीच्या खोऱ्यातही. तिथे तो नदीच्या नावानं ओळखला जातो.

गव्याचा भाऊबंद

मिथुन पहिल्यांदा पाहणारा मराठी माणूस बहुधा 'गवा!' म्हणेल, आणि त्याचं फारसं चुकणार नाही. काळपट तपकिरी अंग, गुडघ्यापासून खाली मोजे घातल्यासारखे पांढरे पाय, जाड मान. मिथुन हा गव्याच्याच रक्ताचा आहे आणि गवा हाच त्याचा मूळपुरुष, असं बहुतेक अभ्यासक मानतात. जनुकीय तपासण्यांचा कौलही त्याच बाजूचा. त्या हिशेबानं गोव्याचा राज्यप्राणी गवा आणि नागालँडचा राज्यप्राणी मिथुन हे एका कुळातले निघतात.

नावांच्या बाबतीत गव्याचेही हाल कमी झालेले नाहीत. आपल्याकडे सर्रास त्याला गवारेडा म्हणतात. रेड्याशी त्याचं नातं लांबचं. कोल्हापूरकर दाजीपूरला 'बायसन' बघायला जातात; खरे बायसन अमेरिकेत आणि युरोपात. अनोळखी जनावराला शेजारच्या ओळखीच्या जनावराचं नाव चिकटवायचं, ही खोड सगळ्यांचीच. आपल्या न्यायशास्त्रात तर यावर अख्खं एक प्रमाण उभं आहे. उपमान समजावताना नैयायिक नेहमी गवयाचं उदाहरण देतात. शहरातल्या माणसाला अरण्यात राहणारा सांगतो की, गवय नावाचा प्राणी गाईसारखा असतो. पुढे हा शहरी माणूस रानात जातो, गाईसारखं पण गाय नसलेलं काहीतरी पाहतो, आणि त्याला कळतं की 'गवय' म्हणतात तो हाच. आपला 'गवा' त्या गवयातूनच आला. शेकडो वर्षं पंडितांनी या उदाहरणाचा कीस काढला. त्यातल्या किती जणांनी गवा पाहिला होता कोण जाणे.

गवा आणि मिथुन यांतला खरा फरक शिंगांत किंवा वजनात नाही, तो माणसापासून किती अंतरावर जनावर पळ काढतं त्यात आहे. डिसेंबर २०२० मध्ये पुण्याच्या कोथरूडमध्ये एक गवा शिरला होता. बघ्यांची गर्दी, आरडाओरडा, तासन्‌तास धावाधाव, आणि पकडल्यानंतर त्याच दिवशी तो मेला. मिथुन मात्र गावच्या रस्त्यात मधोमध रवंथ करत बसतो आणि गाड्या त्याला वळसा घालून जातात. रानटी प्राणी पाळीव होतो तेव्हा त्याच्यात होणारा पहिला बदल हाच: माणूस जवळ आला तरी छातीत धडकी भरत नाही. रंगात होणारा बदल त्यामागून येतो. पांढरा किंवा ठिपक्याठिपक्यांचा गवा क्वचितच कुणी पाहिला असेल; तसे मिथुन मात्र कळपांत दिसतात.

चौकट: गवा की मिथुन?
कपाळ पाहा. गव्याच्या दोन शिंगांच्या मधोमध उंचवटा असतो. मिथुनाचं कपाळ रुंद आणि सपाट.
शिंगं पाहा. गव्याची शिंगं बाहेर येऊन वर आणि आत वळतात, रंग फिकट पिवळसर, टोकं काळी. मिथुनाची शिंगं जाड, काळपट, दोन्ही बाजूंना जवळजवळ सरळ जाणारी.
गळा पाहा. मिथुनाची गळ्याखालची पोळी मोठी आणि लोंबती.
आकार पाहा. गव्याचा वळू हजार किलोपर्यंत भरतो आणि त्याच्या पाठीचा कणा खांद्यापासून उंच उठलेला असतो. मिथुन ठेंगणा, साधारण चारशे ते सहाशे किलोंचा.
पाय पाहू नका. दोघांचेही पांढरेच.

मिठाचं दावं

आता मूळ प्रश्न. रानात मोकळं सोडलेलं हे जनावर परत का येतं? उत्तर एका शब्दाचं आहे: मीठ.

झाडापाल्यात पोटॅशियम भरपूर असतं आणि सोडियम अगदी थोडं. झाडांचं त्यावाचून अडत नाही. प्राण्यांचं अडतं; रक्तातल्या पाण्याचा तोल राखायला, मज्जातंतूंतून संदेश धाडायला, स्नायू हलवायला सोडियम लागतंच. वाघाला त्याची चिंता नाही, कारण त्याच्या शिकारीच्या रक्तामांसात ते असतं. पाला खाणाऱ्याची मात्र दुहेरी अडचण. एकतर खाण्यात सोडियम कमी, आणि पोटात जाणारं जादा पोटॅशियम लघवीवाटे बाहेर टाकताना थोडं सोडियमही सोबत निघून जातं. त्यात पूर्व हिमालयातला पाऊस. वर्षानुवर्षं कोसळणाऱ्या पावसानं मातीतले विरघळणारे क्षार धुऊन नेलेले, आणि समुद्र शेकडो किलोमीटर लांब, त्यामुळे वाऱ्यावर येणारं खारंही नाही. अशा रानात चरणाऱ्या जनावराला मिठाची भूक सतत लागलेली असते. आपल्याकडे गोठ्यात गव्हाणीजवळ चाटण वीट टांगतात ती हीच भूक भागवायला.

मिथुनाचा मालक दर काही दिवसांनी रानाच्या कडेला जाऊन हाक देतो. प्रत्येकाची हाक वेगळी, लांबवलेली, वरच्या पट्टीत चढत जाणारी. झुडपं हलतात, बांबूच्या काटक्या मोडल्याचा आवाज येतो आणि तीन-चार जनावरं खाली उतरतात. मालक मुठीतलं मीठ तळहातावर पसरून पुढे धरतो, किंवा एखाद्या सपाट दगडावर टाकतो. कानशीसारख्या खरखरीत जिभेनं मिथुन तळहात साफ करतो, मग मनगट, मग जमल्यास सदऱ्याची बाही. घामातही मीठ असतंच. तेवढ्यात मालक पायाला जखम आहे का, गोचीड किती आहेत, गाय गाभण दिसते का, हे पाहून घेतो. मीठ संपलं की जनावरं पाठ फिरवतात आणि पुन्हा रानात शिरतात.

हे मीठ देणाऱ्याला फुकटचं नव्हतं. या डोंगरांत ते आसामच्या मैदानातून नाहीतर तिबेटातून देवघेवीत येई. झिरोच्या खोऱ्यातले आपातानी तर वनस्पती जाळून त्यांच्या राखेतून तापयो नावाचं काळसर मीठ स्वतः तयार करत आले आहेत. माणसाच्याच जेवणात जे जपून पडायचं, त्यातलं मूठभर जनावराला. इतकी किंमत मोजून बांधलेलं नातं पुढच्या पिढीत आपोआप उतरतं, कारण वासरू आईच्या मागोमाग हाकेला येतं आणि मीठ चाटायला शिकतं. मालकाला कालवडीला पुन्हा पहिल्यापासून माणसाळवावं लागत नाही.

मालकीची खूण कानावर असते. प्रत्येक घराण्याच्या खाचा ठरलेल्या. वासरू हाताशी येईल इतक्या वयात तशीच खाच त्याच्या कानाला पाडतात. कुणाची खाच कुठली हे गावाला तोंडपाठ. रानात भरकटलेला मिथुन दुसऱ्या गावाजवळ दिसला तर निरोप जातो. मिथुनचोरी हा जुन्या काळापासून गंभीर गुन्हा मानला गेला. ज्या मालमत्तेला कुंपण नाही तिचं रक्षण सगळ्यांनी मिळूनच करायचं, त्यामुळे एक चोर म्हणजे सगळ्यांवर घाला.

कुंपण नाही असं म्हटलं, पण ते पूर्ण खरं नाही. कुंपण असतं, फक्त उलट्या बाजूला. जनावर आत कोंडण्याऐवजी पीक आत ठेवून भोवती लाकडा-बांबूचं कुंपण घालतात आणि जनावराला बाकीचा डोंगर मोकळा. झूम शेतीशी हे छान जुळतं. डोंगराचा एक तुकडा तोडून, जाळून दोन-एक वर्षं पिकवायचा, मग अनेक वर्षं पडीक ठेवायचा. त्या पडीक तुकड्यावर जो कोवळा पाला उगवतो तो मिथुनाचा आवडता चारा, कारण तो गाईसारखा गवतावर फार अवलंबून नसतो, शेळीसारखा पाल्याकडे झुकलेला असतो.

आहेराची वही

मग दूध नाही, नांगर नाही, ओझं नाही, तर इतका खटाटोप कशासाठी?

दुधाचा मुद्दा आधी संपवतो. मिथुन गाय दिवसाला लिटर-दीड लिटरच दूध देते, पण ते सायीसारखं दाट. गाईच्या दुधात स्निग्धांश चारेक टक्के असतो, तर मिथुनाच्या दुधात त्याच्या दुपटीहून अधिक. इथल्या बहुतेक जमातींत जनावराचं दूध पिण्याची रीतच नव्हती. नांगर म्हणाल तर इतक्या उतारावर तो चालत नाही. उरलं मांस, तेही केवळ जेवायला म्हणून कुणी कापत नसे. मिथुन पडतो तो विधीसाठी, सणासाठी, लग्नासाठी, आजारपण टळावं म्हणून, किंवा गावजेवण घालण्यासाठी. गालोंचा मोपिन आणि आदींचा सोलुंग हे मोठे सण त्याच्याशिवाय होत नाहीत.

यामागचं गणित समजायला आपल्या लग्नातली आहेराची वही डोळ्यांपुढे आणावी. कुणी किती आहेर केला ते त्या वहीत लिहितात ते उगाच नाही. त्यांच्याकडचं कार्य निघालं की तेवढं, शक्यतो थोडं अधिक, परत करायचं असतं. मिथुनाचं तसंच. एका जनावराचं दीड-दोनशे किलो मांस दमट हवेत ठेवता येत नाही आणि एका घराला संपतही नाही. ते वाटावंच लागतं. कुणाला मांडी, कुणाला बरगड्या, मामाला कुठला भाग, सोयऱ्याला कुठला, हे सगळं ठरलेलं. वाटलेलं मांस दोन दिवसांत संपतं, पण घेणाऱ्यांच्या डोक्यावरचं देणं राहतं. संपत्ती साठवायची तर ती अशी माणसांत साठवायची. घराच्या भिंतीवर ओळीनं टांगलेली मिथुनाची शिंगं हा त्या वहीचा सर्वांना दिसणारा भाग.

नागा समाजात या गावजेवणांची चढती क्रमवारी होती. आधी डुकरं, मग मिथुन, मग आणखी मिथुन. प्रत्येक पायरीला मान वाढे: विशिष्ट शाल पांघरण्याचा, घराच्या दर्शनी भागावर कोरीव काम करण्याचा. आओ नागांच्या त्सुंगकोतेप्सु शालीच्या मधल्या पांढऱ्या पट्ट्यावर वाघ, हत्ती, नरमुंड यांच्यासोबत मिथुनाचं चित्र असतं, आणि ती शाल कुणीही घ्यावी अशी नव्हती. मिझोंमध्ये ठरलेली सगळी जेवणं पार पाडणाऱ्याला थांगछुआ म्हणत. मेल्यानंतर त्याला पिआलराल या सुखाच्या लोकात कष्टांविना अन्न मिळणार होतं, आणि जिवंतपणी आपल्या घराला खिडकी ठेवण्याचा हक्क मिळे. खिडकी! इतरांच्या घरांना ती नसायची. हे वाचल्यापासून मला पिआलरालपेक्षा त्या खिडकीचंच अप्रूप वाटत आलं आहे.

याच हिशेबाचं टोक आपातानींमध्ये पाहायला मिळे. क्रिस्टॉफ फॉन फ्युरर-हायमेनडॉर्फ हे ऑस्ट्रियन मानववंशशास्त्रज्ञ, ज्यांनी आधी हैदराबाद संस्थानात राजगोंडांमध्ये काम केलं होतं, ते १९४४ मध्ये आपातानी खोऱ्यात पोचले. दोन श्रीमंतांमध्ये अब्रूचा वाद पेटला तर काय होई, ते त्यांनी लिहून ठेवलं आहे. एकानं प्रतिस्पर्ध्याच्या घरासमोर आपला मिथुन कापायचा. दुसऱ्यानं त्याहून जास्त कापायचे. पुन्हा पहिल्यानं. तिबेटी घंटा, तलवारी अशा किमती वस्तूही फोडायच्या. ज्याचा पल्ला आधी संपला तो हरला. मारामारी नाही, रक्तपात माणसांचा नाही. मांस मात्र गावात वाटलं जाई. भावकीच्या भांडणात कोर्टाच्या पायऱ्या झिजवून दोन्ही घरं धुऊन निघालेली आपण पाहिलेली आहेत, तेव्हा या रीतीला नाक मुरडण्यात अर्थ नाही. निदान इथे शेजाऱ्यांना जेवण तरी मिळत होतं.

जो माल सगळ्यांना हवा असतो, मोजता येतो आणि ज्याची किंमत सगळ्यांना ठाऊक असते, तो पैशाचं काम करू लागतो. मिथुन त्या डोंगरांत मोठ्या रकमेची नोट होता. जमीन, वधूमूल्य, खुनाची भरपाई हे सगळं मिथुनांत मोजत. आदींची केबांग ही गावपंचायत आजही दंड सांगताना मिथुनाचा हिशेब सोडत नाही.

अमेरिकन भूगोलतज्ज्ञ फ्रेडरिक सिमून्स यांनी या जनावरावर १९६८ मध्ये एक जाडजूड ग्रंथ लिहिला. माणसानं गुरं पाळली ती आधी दुधासाठी वा नांगरासाठी नव्हे, तर देवाला वाहण्यासाठी, असं जर्मन अभ्यासक एडुआर्ड हान यांनी त्याआधी बऱ्याच वर्षांपूर्वी म्हटलं होतं. जगातल्या बाकी गुरांच्या बाबतीत ते पडताळणं अवघड, कारण ती कधीच दूधदुभत्याला आणि नांगराला लागली. मिथुन मात्र पाळण्याच्या पहिल्या पायरीवर थांबल्यासारखा आपल्यासमोर आहे. झूमच्या उघड्या जागेतला कोवळा पाला आणि वस्तीजवळचं मीठ यांच्या ओढीनं गवे माणसाजवळ आले असावेत आणि बळीसाठी ते हाताशी असणं माणसाला सोयीचं वाटलं असावं, असा सिमून्स यांचा तर्क. मला तो पटतो. नुसत्या मांसासाठी असतं, तर शिकार पुरेशी होती.

आधी पाळीव, मग रानटी

आता शास्त्रीय नावाचा घोळ. १८०४ मध्ये एल्मर बर्क लॅम्बर्ट या इंग्रजानं मिथुनाला 'बोस फ्रॉन्टॅलिस' असं नाव दिलं. लॅम्बर्ट खरा वनस्पतीतला माणूस, पाइन वृक्षांवरच्या ग्रंथासाठी ओळखला जाणारा. 'फ्रॉन्टॅलिस' म्हणजे कपाळाचा. त्यानं नेमकी खूण हेरली होती. गव्याला 'बोस गॉरस' हे नाव मिळालं ते चार्ल्स हॅमिल्टन स्मिथ या लष्करी अधिकाऱ्याकडून, १८२७ मध्ये.

प्राण्यांच्या नामकरणात जुनं नाव वरचढ ठरतं. एकाच जातीला दोन नावं पडली असतील तर आधीचं चालवायचं. मग गवा आणि मिथुन एकच जात मानली, तर रानातल्या गव्यालाही मिथुनाचंच नाव लावावं लागणार! वंशज आधी बारशाला बसला म्हणून पूर्वजानं त्याचं नाव घ्यायचं. हाच तिढा याक, रानम्हैस, उंट अशा पुष्कळांचा होता, कारण युरोपीय शास्त्रज्ञांना पाळीव जनावरं आधी दिसली आणि त्यांचे रानटी भाईबंद नंतर. २००३ मध्ये प्राण्यांच्या नावांवर देखरेख करणाऱ्या आंतरराष्ट्रीय आयोगानं अशा १७ रानटी जातींची नावं, ती उशिराची असली तरी, राखून ठेवायचा निर्णय दिला. त्यात गव्याचं नाव आहे. तेव्हापासून गवा गॉरस आणि मिथुन फ्रॉन्टॅलिस, असा व्यवहार निर्धास्त झाला.

नाव काहीही असो, पेशी काय सांगतात? गाईच्या पेशीत ६० गुणसूत्रं असतात. गुणसूत्रं म्हणजे आनुवंशिक माहितीच्या गुंडाळ्या. मिथुनात आणि भारतीय गव्यात त्या ५८ भरतात, कारण त्यांच्यात दोन जोड्या एकमेकींना चिकटून एक झाली आहे. माहिती गेलेली नाही, जोडली गेली आहे. त्यामुळे मिथुनाचा गाईशी संकर होऊ शकतो. होणाऱ्या वासरात ५९ गुणसूत्रं. यातला नर वांझ निघतो, मादी मात्र फळते.

भूतानच्या शेतकऱ्यांनी हे प्रयोगशाळेविना केव्हाच ओळखलं. ते अरुणाचलातून मिथुन वळू आणतात आणि आपल्या गावठी गाईंवर सोडतात. संकरित मादीला ते जात्शम म्हणतात. ती आईपेक्षा जास्त आणि दाट दूध देते. नर तो जात्शा. वांझ, पण कामाला दणकट. फक्त हा लाभ एकाच पिढीचा. जात्शमला पुढे कुठलाही वळू दाखवला तरी पहिल्या संकराचा कस तसाच उतरत नाही, म्हणून पुन्हा शुद्ध मिथुन वळूकडेच यावं लागतं. आपल्याकडे दर हंगामाला संकरित बियाणं नव्यानं विकत घेणाऱ्याला हे वेगळं समजावून सांगायला नको.

सरकारी यादीतला मिथुन

गवा वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे. त्याला मारलं तर तुरुंग. मिथुन पशुगणनेच्या यादीत आहे, गाई-म्हशी-शेळ्यांच्या पंगतीत. २०१९ च्या गणनेत देशात सुमारे ३ लाख ९० हजार मिथुन भरले, त्यातले साडेतीन लाखांच्या आसपास एकट्या अरुणाचलात. आधीच्या, म्हणजे २०१२ च्या गणनेपेक्षा ही संख्या तीस टक्क्यांच्या आसपास वाढलेली होती. १९८८ पासून नागालँडमध्ये मेदझिफेमाजवळ केवळ मिथुनासाठी एक राष्ट्रीय संशोधन केंद्र आहे. २०२३ मध्ये अन्नसुरक्षा प्राधिकरणानं त्याला 'खाद्यप्राणी' म्हणून मान्यता दिली आणि त्याचं मांस परवान्यानिशी प्रक्रिया करून, पाकीटबंद करून विकायचा रस्ता उघडला.

हा बदल दिसतो त्यापेक्षा मोठा आहे. ख्रिस्ती धर्म आल्यावर नागालँड-मिझोराममधली जुनी गावजेवणं थांबली होती, तरी नाताळाला आणि लग्नात मिथुन पडत राहिला; वाटायची वस्तू, ही त्याची जागा टिकली. किलोच्या भावानं विकलं जाणारं मांस भिंतीवर शिंग ठेवत नाही आणि कुणाच्या डोक्यावर देणंही ठेवत नाही. दुसरीकडे झूमचं पडीक रान कमी होतंय, रस्ते आणि फळबागा वाढताहेत, आणि कुंपण कुणी घालायचं, पीकवाल्यानं की जनावरवाल्यानं, यावरून तंटे होताहेत. लाळ्या खुरकुतासारखा रोग गावच्या गुरांतून मिथुनांत शिरला तर रानात पांगलेल्या कळपाला लस टोचायची कशी, हाही प्रश्न आहेच. म्हणून संशोधन केंद्राचा भर अर्ध्या मोकळ्या पद्धतीवर आहे: दिवसा रानात, रात्री निवाऱ्याला.

रानात अजून एक गोष्ट घडते जिच्यासाठी कुठल्याच यादीत रकाना नाही. मिथुन गाय माजावर आली आणि जवळपास गव्याचा वळू असला तर तो तिला लागतो. पुढे होणाऱ्या वासराचा बाप पहिल्या अनुसूचीतला आणि आई पशुगणनेतली. गावात मात्र त्यावर वाद होत नाही. वासरू मीठ चाटायला आईमागे खाली आलं की तिच्या कानावर जी खाच आहे, तीच त्याच्याही कानाला पाडतात.